डाव्या कानाची मेंढरं

मी आयुष्यात जेवढे अर्ज टाईप केले, त्यांत एकच असा होता ज्यात माणसांपेक्षा मेंढ्यांची नावं जास्त होती. काळतोंडी, काळतोंडीची थोरली लेक, मोडक्या शिंगाची, लंगडी, लंगडीची बहीण, अशी पानभर. कोर्टातल्या कारकुनानं तो अर्ज वर-खाली पाहिला आणि मला म्हणाला, "अक्का, हे काय बारशाचं आमंत्रण हाय का?" शेजारचे चार-सहा जण हसले. मला तेव्हा हसू आलं नाही आणि आज लिहितानाही येत नाही.

आधी माझ्या कामाविषयी सांगते, नाहीतर तुम्हाला वाटेल ही बाई कोर्टात करत काय होती. बिदर जिल्ह्यातलं एक तालुक्याचं गाव. नाव लिहीत नाही, कारण ह्या हकीकतीतली माणसं अजून बाजारात भेटतात आणि वर नमस्कार घालतात. तिथल्या कोर्टाच्या कंपाउंडबाहेर, लिंबाखाली, एक टेबल, एक टाईपरायटर आणि मी. आधी तिथं आमचे यजमान बसायचे. ते गेले तेव्हा लोक म्हणाले मशीन विकून टाक. मी म्हटलं, विकून किती दिवस खाऊ? आणि जाऊन बसले. शाळा माझी सातवीपर्यंत, तीही मराठी. कोर्टाचं काम कन्नडात. लोकांचं भांडण मराठीत. त्यांच्या आज्याची कागदं उर्दूत. कन्नड अक्षरं मी बसच्या पाट्या आणि सिनेमाचे बोर्ड वाचून जुळवली. चुका व्हायच्या. वकील लोक ओरडायचे. पण काम सुटलं नाही.

काम म्हणजे काय, तर माणूस येतो, आजा कसा मेला तिथपासून सुरू करतो, मध्ये रडतो, भावाला शिव्या देतो, आणि त्या सगळ्यातून कोर्टाला लागेल तेवढं काढून चार परिच्छेदांत बसवायचं. एक म्हातारे होते, त्यांनी हट्टच धरला की अर्जात 'माझा भाऊ हलकट आहे' असं लिहा. मी लिहिलं, 'प्रतिवादीचे वर्तन समाधानकारक नाही.' त्यांनी ते मला दोनदा वाचायला लावलं आणि म्हणाले, "ह्यात हलकट कुटं हाय वो अक्का? मी पैसे हलकटाचे द्यायलाव."

ह्या सगळ्या अर्जांत मला सर्वांत जास्त संताप आणणारा अर्ज म्हणजे हरकत अर्ज. सोप्या भाषेत सांगते. कर्ज एकाचं असतं. घर, विहीर, आंब्याचं झाड, जे काय असेल ते दोघांचं असतं. कर्ज थकलं की कोर्टाचा बेलिफ येतो आणि डोळ्यांना दिसेल ते सगळं जप्त करतो. मग दुसरा वाटेकरी, ज्यानं दमडी घेतली नाही, कुठं अंगठा उठवला नाही, त्यानं धावत यायचं आणि सिद्ध करायचं की ह्यात माझा अर्धा वाटा आहे हो, तेवढा सोडा. जप्त करणाऱ्यानं चूक करायची नि ज्याचं गेलं त्यानं पुरावा द्यायचा. इतकी वर्षं मी हे टाईप केलं. मला कधी पटलं नाही.

एका बाजाराच्या दिवशी सकाळीच एक बाई माझ्या टेबलासमोर येऊन उभी राहिली. खांद्यावर घोंगडं, अंगाला मेंढरांचा वास, पाय धुळीनं पिंढरीपर्यंत पांढरे. दुबलगुंडीहून आली होती, ते तिचं सासर. नाव निंगाबाई.

"तुमीच का मिशीनवाल्या अक्का?"

"व्हय. बस."

"बसाया टाईम न्हाई. माजी मेंढरं कोंडवाड्यात हायत. सोडवायचा कागद द्या."

"कोणी घातली?"

"सरकारनं."

सरकारनं म्हणजे कोणी, हे काढायला मला अर्धा तास लागला. तिचा भाऊ माळाप्पा मेंढपाळ होता. त्याचा पोरगा सिद्धू. त्या काळात आमच्याकडं पतसंस्था अशा उगवल्या होत्या की एका गल्लीत तीन-तीन. काचेचं दार, फिरती खुर्ची, भिंतीवर हार घातलेले फोटो. निम्मी पोरं पुण्याला, हैदराबादला कामाला चाललेली, आणि जी मागं राहिली त्यांना टमटम पाहिजे होती. सिद्धूनंही पतसंस्थेचं कर्ज काढून एक घेतली. कर्जाला जामीन म्हणून बापाचा अंगठा. पोरानं काही महिने टमटम पळवली, मग झहिराबादच्या एकाला विकली आणि स्वतः पुण्याला गेला. संस्थेनं बापावर दावा लावला, हुकूमनामा मिळवला आणि बेलिफ घेऊन रानात गेली.

एक गोष्ट इथंच सांगून टाकते, मला राहवत नाही. ती टमटम त्या झहिराबादवाल्यानं हिरवा रंग देऊन आमच्याच रस्त्यावर चालवायला काढली होती. रोज माझ्या टेबलासमोरून जायची. संस्थेच्या सेक्रेटरीला ती कधी दिसली नाही. मेंढरं तेवढी दिसली.

आता वाट्याचं ऐका. निंगाबाईच्या लग्नात बापानं तिला मेंढ्या दिल्या होत्या. सासरी राखणारं कोणी नाही, म्हणून त्या भावाच्याच कळपात राहिल्या. आमच्याकडच्या धनगरांत ही जुनी रीत आहे. लोकर राखणाऱ्याची, नर कोकरं अर्धी-अर्धी, आणि माद्या होतील त्या बहिणीच्या वाट्याला वाढत जायच्या. ओळख म्हणजे कान. भावाच्या मेंढीचा उजवा कान कापलेला, बहिणीच्या मेंढीचा डावा. अख्ख्या शिवारात कुणालाही विचारा, डाव्या कानाची ती निंगाबाईची. तिचा नवरा दगडाच्या खाणीत कंबर मोडून खाटेवर पडलेला होता. घरात जे काही शिजत होतं ते ह्या मेंढ्यांवर. आणि त्यातल्या बऱ्याच गाभण होत्या, महिन्याच्या आत विणाऱ्या.

"मग बेलिफाला भावानं सांगितलं नाही का, निम्मी बहिणीची म्हणून?"

निंगाबाईनं मागं पाहिलं. तिच्यामागं एक उंच म्हातारा इतका वेळ लिंबाला टेकून उभा होता. तो माळाप्पा.

"सांग की अप्पा," मी म्हटलं.

"बेलिफानं इचारलं, कुरी यारवु?" तो म्हणाला. कुरी म्हणजे मेंढरं. कुणाची आहेत, असं बेलिफ कन्नडात विचारत होता. "म्या मनलो, देवरवु."

देवाची! मी कपाळावर हात मारला.

"अप्पा, कामून असं बोललास?"

"मग काय बोलू? परक्या माणसानं रानात इचारलं तर माजी हायत मनून कोण सांगतंय? बापानं सांगितलं न्हाई, आज्यानं सांगितलं न्हाई. माजी मनलं की कळपाला दिष्ट लागती."

त्याच्या जागी तिथला कुठलाही मेंढपाळ असता तरी तेच म्हणाला असता. कळप माझा म्हणायचं नाही, त्याचा आकडा तोंडानं उच्चारायचा नाही. मेंढरं देवाची, आपण राखणारे. बेलिफ काही लंडनहून आला नव्हता, चार कोसांवरच्या गावचा होता. त्यालाही हे ठाऊक होतं. तरी पंचनाम्यात त्यानं लिहिलं, 'सदर मालावर इतर कोणाचा हक्क असल्याचे ऋणको सांगत नाही.' आणि मेंढरांची सगळी खांड हाकत नेली.

मी मशीनवर कागद चढवला. "निंगाबाई, तुझ्या किती?"

"हायत की."

"आकडा सांग."

"तेवढं मातर इचारू नगा."

"अगं, कोर्टाला आकडा लागतो. किती सोडायच्या ते कसं कळणार?"

"गाभण हायत वो अक्का त्या. आता आकडा बोलू व्हय?" तिच्या डोळ्यांत खरीच भीती होती. कोर्टाची नव्हे, ह्या आकड्याची. शेवटी मीच तोड काढली. म्हटलं, नावं सांग. मग ती डोळे मिटून सांगत गेली, कुठली कुणाची लेक, कुणाचं शिंग मोडकं, कुणाच्या गळ्याखाली लोंबतं. मी टाईप करत गेले. संपल्यावर म्हणाली, "आता तुमी मनातल्या मनात मोजा. मला सांगू नगा." मी मोजलं आणि आकडा कन्नड अंकांत टाकला, म्हणजे तिला ओळखता येऊ नये. तिनं त्या आकड्यावर बोट येणार नाही अशा बेतानं अंगठा उठवला.

वकील म्हणून तिला एक तरुण मुलगा दिला, शांतप्पा. नवी सनद, काळा कोट भावाचा, कामं फारशी नाहीत. म्हणून मन लावून करील असा माझा हिशेब. तो हिशेब बरोबर निघाला.

अर्ज दाखल झाला, आणि तारीख पडली. तारीख पडली म्हणजे काय ते कोर्टाच्या दारात बसल्याशिवाय कळत नाही. कागद तारखेला थांबतो. त्याला भूक लागत नाही. मेंढराचं तसं नाही. कोंडवाडा होता सुटलेल्या गायी-म्हशींसाठी. चार भिंती, वर पत्रा नाही, कोपऱ्यात एक फुटकी टाकी. शांतप्पानं सेक्रेटरीला विचारलं, चारा कोण घालणार? सेक्रेटरी म्हणाला, माल कोर्टाच्या ताब्यात आहे. कोर्टातला कारकून म्हणाला, खुराकी, म्हणजे चाऱ्याचा खर्च, संस्थेनं भरायची असते. नगरपालिकेचा माणूस म्हणाला, आमच्याकडं फक्त किल्ली आहे.

मग चारा घातला कोणी? माळाप्पानं आणि निंगाबाईनं. आपल्याच मेंढरांना, जी आता आपली नव्हती, त्यांना भाऊ-बहीण रोज बाभळीचा पाला तोडून आणायचे आणि भिंतीवरून आत टाकायचे. आत जायची परवानगी नव्हती. मी दुपारचा डबा खायला बसले की कोंडवाड्यातला ओरडा ऐकू यायचा आणि घास फिरायचा. त्याच रस्त्यानं सेक्रेटरी जेवायला घरी जायचा. त्याचा घास फिरत असेल असं त्याच्याकडं बघून वाटत नसे.

एकदा मी त्याला अडवलंच. "अण्णा, गाभण मेंढ्या हायत त्या. जरा सावली तरी करा."

"अक्का, तुम्ही टायपिंग करा. कायदा आम्ही बघून घेतो."

"कायदा बघा की. पण जरा भिंतीपलीकडं बी बघा."

"भावना घेऊन संस्था चालत नाही," म्हणाला. त्याच संस्थेच्या चेअरमनच्या जावयाचं कर्ज किती वर्षं थकलेलं होतं हे अख्ख्या गावाला माहीत होतं. तिथं भावनेवर चाललं होतं वाटतं.

सुनावणीच्या दिवशी मी टेबल शेजाऱ्यावर सोपवून आत जाऊन बसले. संस्थेचा वकील जाडजूड, आवाज मोठा. त्यानं निंगाबाईला पहिलाच प्रश्न टाकला, "तुझ्या मेंढ्या किती?" ती गप्प. पुन्हा विचारलं, पुन्हा गप्प. "साहेब, बघा, मालकिणीला आपला माल किती तेही ठाऊक नाही! आणि ऋणको म्हणतो देवाची आहेत. मग आता नोटीस देवळात चिकटवायची का?" कोर्टभर हसू पिकलं. शिरस्तेदार हसले, पट्टेवाला हसला. माळाप्पा मागं खाली मान घालून उभा होता. त्याला वाटत होतं, आपण बोललो म्हणून बहिणीची मेंढरं चालली.

निंगाबाई हसणाऱ्यांकडं वळून बघत होती. मग म्हणाली, "साहेब, ह्या वकिलांना लेकरं किती?"

"विषय काय, उत्तर काय!" वकील ओरडला.

"सांगा की. मोजून सांगता का नावं घिऊन सांगता?"

मुन्सफ साहेबांनी पेन खाली ठेवलं. कन्नडात शांतप्पाला म्हणाले, तुमचं म्हणणं मांडा. शांतप्पा उठला आणि नीट बोलला. आकडा अर्जात दिलेला आहे, ओळख कानाची आहे, आणि कान कापल्याचा व्रण जुना की नवा हे जनावरांचा डॉक्टर सांगू शकतो. संस्थेचा वकील म्हणाला, कान काय, रात्रीतून ब्लेडनं कापता येतो. साहेब म्हणाले, म्हणूनच डॉक्टर. हुकूम झाला: डॉक्टर आणि बेलिफ यांनी कोंडवाड्यात जाऊन पाहणी करावी, जुन्या व्रणाची डाव्या कानाची मेंढरं अर्जदार बाईला द्यावीत, बाकीचा लिलाव व्हावा.

आम्ही बाहेर आलो तेव्हा शांतप्पाला वाटलं आपण जिंकलो. मलाही वाटलं. निंगाबाईनं एवढंच विचारलं, "आज सोडतेत का?" आज नाही. हुकमाची नक्कल, डॉक्टरची सवड, बेलिफाची सवड. तेवढ्या वेळात मेंढ्या कोंडवाड्यातच विऊ लागल्या.

पाहणीच्या दिवशी आम्ही सगळे गेलो. कुलूप उघडलं. आतलं काय वर्णन करू! बरगड्या निघालेल्या मेंढ्या, पायांत चिखल आणि लेंड्यांचा राडा, आणि त्यात थरथरणारी कोकरं. काही कोकरं नव्हती जगलेली, आणि एक मेंढीही. माळाप्पानं ती उचलून भिंतीकडेला ठेवली आणि वर स्वतःचं घोंगडं टाकलं. डॉक्टर भला माणूस. एकेक कान हातात घेऊन बघायचा, व्रणावर बोट फिरवायचा आणि सांगायचा, जुना आहे, डावा. जुना, डावा. एकही नवा निघाला नाही. बेलिफ लिहीत गेला. निंगाबाईनं कानांवर हात ठेवले होते, मोजणी ऐकू येऊ नये म्हणून.

मग सेक्रेटरी म्हणाला, "झालं. कोकरं बाजूलाच ठेवा."

"कामून?" निंगाबाई म्हणाली.

"हुकमात डाव्या कानाची म्हटलंय. कोकरांचे कान कुठं कापलेत? बिनखुणेचा माल संस्थेचा."

कोकराचा कान विण्याच्या दिवशी कापत नाहीत, थोडं अंगानं भरलं की कापतात. हे त्याला माहीत होतं. तो काही शहरातला नव्हता, त्याच्या बापानं मेंढरं राखली होती. मला आजवर कळलेलं नाही, ही माणसं काचेच्या दाराआड गेली की आपल्या बापाला कसं विसरतात.

निंगाबाई चिखलात तशीच खाली बसली. "मग ऱ्हाऊ द्या. लेकरं ठिवून माय न्यायची असल तर मी बी हितंच बसते."

"बाई, वेळ घालवू नका."

शांतप्पा पुढं झाला. "ठीक आहे. कोकरं संस्थेची. आया आमच्या बाईच्या, त्या आता घरी चालल्या. कोकरांना दूध कोण पाजणार ते संस्थेनं लिहून द्यावं. आणि इतक्या दिवसांची खुराकी संस्थेनं भरलेली नाही, तोही अर्ज आजच पडतो. अक्का, मशीन उघडी आहे ना?"

"उघडीच हाय," मी म्हटलं.

सेक्रेटरी घाम पुसायला लागला. आणि तेव्हा बोलला कोण, तर तो बेलिफ. पंचनाम्यात ते वाक्य लिहिणारा. मान वर न करता म्हणाला, "कोकरं सोडा. ज्या मेंढीखाली जाईल तिच्या नावावर मी लिहितो. पुढं साहेबाला उत्तर मी देतो."

पाहणीसाठी कोकरं एका आडोशाला कोंडली होती, त्याची फळी माळाप्पानं काढली. कोकरं धावली. मेंढी दुसऱ्याचं पोर जवळ करत नाही. हुंगते आणि लाथ घालते. बघता बघता प्रत्येक कोकरू आपापल्या आईखाली गुडघे टेकून शेपूट हलवायला लागलं. बेलिफ लिहीत गेला, डावा, डावा, उजवा, डावा.

एकच कोकरू मध्ये उभं राहिलं. तांबूस, कपाळावर पांढरा ठिपका. ह्या मेंढीकडं गेलं, लाथ खाल्ली. त्या मेंढीकडं गेलं, लाथ खाल्ली. त्याची आई घोंगड्याखाली होती.

बेलिफानं पेन उचललं. "हे कुणाचं?"

डॉक्टर दुसरीकडं बघायला लागला. शांतप्पा निंगाबाईकडं बघत होता आणि मीही. तिनं 'माझं' म्हटलं असतं तर तिथं कोणी विचारणार नव्हतं. बेलिफानं तर पेन कागदाला टेकवलंच होतं. माळाप्पा हळूच म्हणाला, "मन की तुजं."

निंगाबाईनं घोंगड्याचा कोपरा उचलला, मेंढीचा कान पाहिला आणि परत झाकला.

"उजवा हाय," म्हणाली. "भावाचं हाय."

बाहेर आल्यावर मी तिच्यावर चिडलेच. "अगं, एवढं सगळं तुला लुबाडायला बसलेत, आणि तू एका कोकराचं खरं बोलायला गेलीस!"

"अक्का, त्या एकाचं खोटं बोलले असते तर बाकीच्यांचं खरं कशावरनं?" ती म्हणाली आणि मेंढरं हाकत दुबलगुंडीच्या वाटेला लागली. माळाप्पा तिच्याबरोबर वेशीपर्यंत गेला. त्याच आठवड्यात त्याच्या मेंढरांचा लिलाव झाला आणि हैदराबादचा एक व्यापारी ट्रकात भरून घेऊन गेला. माळाप्पा पुढं पुण्याला एका इमारतीवर वॉचमन म्हणून गेला. पोराला शोधायला गेला होता, असं लोक म्हणतात.

ते तांबूस कोकरू लिलावापर्यंत टिकलं नाही. निंगाबाईनं दुसऱ्या दिवशी परत येऊन आपल्या एका मेंढीचं दूध पाजू द्या म्हणून विनवलं होतं. जप्त मालाला परक्यानं हात लावायचा नाही, असं तिला सांगण्यात आलं. कागदावर त्याची नोंद झाली, नग एक, बाद. मी ते वाचलं आणि रागानं मशीनवर कागद चढवला. वर तारीख टाकली, कोर्टाचं नाव टाकलं. पुढं अर्जदार म्हणून कुणाचं नाव घालायचं, ते मला सुचेना. तो कागद संध्याकाळपर्यंत तसाच मशीनवर होता.